निशाणी पाच आणि वरचं कोर्ट

कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झाल्यापासून माझ्या ऑफिसात एक वाक्य वरचेवर ऐकू येतं. "मॅडम, इथं मनाई नाही मिळाली तर वर जाऊ की. हायकोर्ट आता हाकेच्या अंतरावर हाय." हे म्हणणारा माणूस बहुतेक वेळा बांधाचा, वहिवाटीच्या रस्त्याचा नाहीतर विहिरीच्या पाळीचा दावा घेऊन आलेला असतो.

त्याचा आनंद मला पुरेपूर कळतो. १८ ऑगस्ट २०२५ ला सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत कामकाज सुरू झालं, तो दिवस आम्हा वकिलांना सणासारखा होता. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांनी चाळीसहून जास्त वर्षं हे मागितलं होतं. त्याआधी एका तारखेसाठी पक्षकार रात्री महालक्ष्मी एक्सप्रेसनं निघायचा, सकाळी व्हीटीला उतरून फोर्टात पोचायचा, आणि मॅटर बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या सुनावणीच्या यादीत, खाली असलं तर दिवसभर बसून त्याच रात्री परत फिरायचा. ऊसतोड थांबवून, मजुराला खाडा द्यायला लावून. हे थांबलं, याहून चांगली गोष्ट नाही.

पण हायकोर्ट जवळ आलं म्हणून हायकोर्टाचा अधिकार वाढलेला नाही. निशाणी पाचच्या, म्हणजे तूर्तातूर्त मनाईच्या, आदेशावर ते जे करू शकत होतं तेवढंच आजही करू शकतं. हे पक्षकारांना पटवून सांगताना माझा बराच वेळ जातो, म्हणून एकदा सविस्तर लिहिते.

ज्यांचा कोर्टाशी संबंध आलेला नाही त्यांच्यासाठी थोडं. दिवाणी दावा दाखल झाला की दाव्याची अर्जी निशाणी १ होते आणि तूर्तातूर्त मनाईचा अर्ज आमच्याकडं रिवाजानं निशाणी ५ होतो. दाव्याचा निकाल लागेपर्यंत समोरच्यानं बांध फोडू नये, रस्ता अडवू नये, जागा विकू नये, असं त्यात मागायचं. कोर्ट तीन गोष्टी बघतं: प्रथमदर्शनी केस आहे का, सोयी-गैरसोयीचं पारडं कुणाकडं झुकतं, आणि मनाई न दिल्यास पैशानं भरून न निघणारं नुकसान होणार आहे का. साक्षीदार तपासायचा नसतो. प्रतिज्ञापत्रं आणि कागद यांच्यावरच आदेश होतो.

दावा चालतो वर्षानुवर्षं. त्या काळात जमीन कुणाच्या ताब्यात राहणार, पाणी कुणाच्या पिकाला जाणार, हे निशाणी पाचवर ठरतं. म्हणून गावाकडचे लोक या आदेशालाच निकाल समजतात, आणि व्यवहारात ते फार चुकतात असं मी म्हणणार नाही. तडजोडीची बोलणीसुद्धा या आदेशानंतरच खऱ्या अर्थानं सुरू होतात.

आदेश विरोधात गेला तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४३ नियम १(आर) खाली जिल्हा न्यायालयात किरकोळ दिवाणी अपील करता येतं. तिथंही हरलं तर? दुसरं अपील नाही; कलम १०४(२) ते बंद करतं. पूर्वी कलम ११५ खाली रिव्हिजन, म्हणजे हायकोर्टाकडून आदेश तपासून घ्यायची वाट होती. १९९९ च्या दुरुस्तीनं, जी १ जुलै २००२ पासून लागू झाली, ती जवळजवळ बुजवली. आता आदेश रिव्हिजन करणाऱ्याच्या बाजूनं झाला असता तर दावा तिथंच संपला असता, अशा आदेशापुरतीच रिव्हिजन उरली. निशाणी पाचचा आदेश कसाही झाला तरी दावा चालूच राहतो, म्हणून तो त्यात बसत नाही. उरतं ते घटनेचं अनुच्छेद २२७: उच्च न्यायालयाची खालच्या सगळ्या न्यायालयांवरची देखरेख.

या देखरेखीचा इतिहास मला फार महत्त्वाचा वाटतो. १८६१ च्या हायकोर्ट कायद्याच्या कलम १५ मध्ये ती होती, १९१५ च्या कायद्यात कलम १०७ म्हणून आली. १९३५ च्या कायद्यानं कलम २२४ मध्ये तिचा न्यायिक भाग काढून घेतला. उरली ती मुख्यतः रजिस्टरं आणि नमुने तपासण्याची प्रशासकीय देखरेख. घटनाकारांनी ती परत दिली. पुढं १९७६ च्या बेचाळिसाव्या दुरुस्तीनं पुन्हा लगाम घातला: जिथं अपील किंवा रिव्हिजन नाही, तिथं खालच्या कोर्टाच्या निर्णयावर २२७ खाली प्रश्न विचारायचा नाही. म्हणजे ज्या आदेशाला अपील-रिव्हिजन नाही त्याचा शेवटचा दरवाजाच बंद. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीनं तो उघडला. दोनदा काढून घेतलेला आणि दोनदा परत मिळालेला हा अधिकार आहे, हे मी ज्युनिअर मुलांना आवर्जून सांगते. तो जपून वापरायचा तो याच कारणानं.

कसा वापरायचा हे सर्वोच्च न्यायालयानं १९५४ मध्येच, वरयाम सिंग विरुद्ध अमरनाथ या निकालात सांगून ठेवलंय. खालचं न्यायालय आपल्या अधिकाराच्या हद्दीत राहतंय ना, एवढं बघायचं. नुसत्या चुका दुरुस्त करत बसायचं नाही. आज २२७ वरचा कुठलाही निकाल उघडा, हाच धागा सापडतो. पुरावा नव्यानं तोलायचा नाही. दोन मतं शक्य असतील आणि खालच्या कोर्टानं त्यातलं एक घेतलं असेल, तर हायकोर्टाला दुसरं पटतं म्हणून आदेश फिरवायचा नाही.

मग हात घालायचा कधी? माझं उत्तर एका विहिरीच्या दाव्यातून आलंय. सर्किट बेंचच्या आधीची गोष्ट. ओळख पटू नये म्हणून तपशील थोडे बदलते.

माझी पक्षकार साठीच्या पुढची विधवा. मी त्यांना काकू म्हणायचे. सासऱ्यांच्या वेळेपासूनची सामाईक विहीर, दोन चुलत घरं. जुन्या वाटणीपत्रात पाळी लिहिलेली: आठवड्यातले तीन दिवस यांचे. सातबाऱ्याच्या इतर हक्कात विहिरीतल्या आठ आण्यांची, म्हणजे निम्म्या हिश्श्याची, नोंद. नवरा वारल्यानंतर पुतण्यांनी मोटरखोलीला आपलं कुलूप घातलं. होळी होऊन गेलेली, शेतात आठ महिन्यांचा आडसाली ऊस. कोर्ट कमिशनर जागेवर गेले, त्यांनी कुलूप पाहिलं, स्टार्टरच्या पेटीची वायर सोडवलेली पाहिली, आणि खालच्या पाटातली पानं टोकापासून करपत आल्याचं अहवालात लिहिलं.

निशाणी पाचचा आदेश झाला. त्यातला बहुतेक भाग वादीचं म्हणणं आणि प्रतिवादीचं म्हणणं उतरवण्यात गेलेला. मग शेवटी: दोन्ही बाजूंचा युक्तिवाद ऐकला, कागदपत्रे पाहिली, वादीची केस प्रथमदर्शनी दिसून येत नाही, सबब अर्ज नामंजूर. वाटणीपत्राचं नाव नाही. इतर हक्कातल्या नोंदीचं नाव नाही. कमिशनरच्या अहवालाचंही नाही.

अपिलात आम्ही हेच मांडलं. तिथं उत्तर मिळालं की मनाई देणं न देणं हा मूळ न्यायालयाच्या विवेकाचा भाग आहे, अपिलात त्यात ढवळाढवळ करू नये. यासाठी सर्वोच्च न्यायालयाच्या १९९० च्या वाँडर विरुद्ध अँटॉक्स या निकालाचा आधार घेतलेला. तो निकाल बरोबरच आहे आणि मीही इतर मॅटरमध्ये तो वापरते. पण त्यातच लिहिलंय की विवेक मनमानीनं, लहरीनं किंवा ठरलेली तत्त्वं डावलून वापरला असेल तर अपिली न्यायालयानं हात घालावा. आणि विवेक वापरला की नाही हे कारणांवरून कळतं. कारणंच लिहिली नसतील तर वरच्या कोर्टानं आदर कशाचा ठेवायचा?

२२७ चं रिट, म्हणजे हायकोर्टात करायचा देखरेखीचा अर्ज, लिहायला घेतलं तेव्हा माझ्या ज्युनिअरनं पानभर मुद्दे काढले. प्रतिज्ञापत्र चुकीचं वाचलं, फोटोंचं महत्त्व ओळखलं नाही, सोयीचं पारडं आमच्याकडं होतं वगैरे. मी सगळे कापले. ते अपिलाचे मुद्दे. रिटात एकच ठेवला: वाटणीपत्र, इतर हक्कातली नोंद आणि कमिशनरचा अहवाल, तिन्ही दोन्ही आदेशांतून पूर्ण गायब आहेत.

न्यायमूर्तींनी पहिला प्रश्न विचारला तो हाच, की हे कागद खालच्या कोर्टापुढं कधी आले. आम्ही यादी दाखवली. दावा दाखल केला त्याच दिवशीची, तारीख आणि शिक्का असलेली. समोरचे वकील म्हणाले, दोन न्यायालयांचं मत एकसारखं आहे. न्यायमूर्ती म्हणाले, त्यांनी या कागदांवर मत दिलंय ते कुठं आहे ते दाखवा. दाखवता आलं नाही. दोन्ही आदेश रद्द झाले, अर्ज पुन्हा ऐकण्यासाठी मूळ कोर्टाकडं परत गेला, आणि तोवर वाटणीपत्राप्रमाणं पाळी चालू ठेवायची असं ठरलं.

बाहेर आल्यावर काकूंनी विचारलं, "वकीलबाई, जिंकलो का हरलो?" मी सांगितलं, जिंकलो नाही अजून, हायकोर्टानं खालच्या कोर्टाला कागद वाचून ठरवायला सांगितलंय. त्या थोडा वेळ गप्प बसल्या आणि म्हणाल्या, "म्हंजे वाचा, एवढंच सांगायला मुंबईपर्यंत यायला लागलं व्हय?"

होय. एवढंच. आणि माझ्या मते २२७ चं खरं काम हेच आहे. हायकोर्टानं काकूंचा हक्क खरा की खोटा हे ठरवलं नाही, ठरवायला नकोच होतं. ज्याचं काम त्यानं करावं एवढं बघितलं. पुढं मूळ कोर्टानं नव्यानं आदेश दिला, लाईटबिलाचा अर्धा वाटा भरण्याच्या अटीवर पाळी कायम केली, आणि प्रत्येक कागदावर काय वाटलं ते लिहिलं. त्यावर अपील झालं, ते फेटाळलं गेलं, आणि पुतण्यांनी पुढं रिट केलं नाही. खालच्या अंगाचा ऊस गेला तो गेलाच.

हाच प्रश्न देशपातळीवर कसा फिरला तेही सांगते, कारण त्यात एक धागा मुंबईचा आहे. उत्तर प्रदेशातल्या एका शेतजमिनीच्या मनाईच्या दाव्यात खाली आणि अपिलात दोन्हीकडं मनाई नाकारली गेली. अलाहाबाद हायकोर्ट म्हणालं, खासगी माणसांमधल्या अशा भांडणात रिट चालणार नाही. २००३ मध्ये सूर्यदेव राय विरुद्ध रामचंदर राय या निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की कलम ११५ आकसलं तरी घटनेतला अधिकार आकसत नाही. मात्र उघड, गंभीर आणि अन्याय घडवणारी चूक असेल तरच तो वापरा. त्या निकालानं अनुच्छेद २२६ (हायकोर्टाचा रिट काढायचा सर्वसाधारण अधिकार) आणि २२७ असे दोन्ही दरवाजे उघडे ठेवले होते. २०१५ मध्ये राधेश्याम विरुद्ध छबिनाथ या निकालात तीन न्यायमूर्तींनी त्यातला २२६ चा बंद केला: दिवाणी न्यायालयाचा न्यायिक आदेश तिथं आव्हान द्यायचा विषय नाही, फक्त २२७ खाली.

त्यांनी आधार घेतला तो १९६६ च्या नरेश श्रीधर मिरजकर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या नऊ न्यायमूर्तींच्या निकालाचा. 'ब्लिट्झ'चे संपादक करंजिया यांच्यावर मुंबई हायकोर्टात बदनामीचा दिवाणी दावा चालू होता. एका साक्षीदाराची साक्ष छापू नये असा तोंडी आदेश न्यायमूर्ती तारकुंडे यांनी दिला. मिरजकर हे 'ब्लिट्झ'चे वार्ताहर. ते मूलभूत हक्कांचा मुद्दा घेऊन सर्वोच्च न्यायालयात गेले. बहुमतानं ठरलं की न्यायालयाचा न्यायिक आदेश मूलभूत हक्काचा भंग म्हणून रिटानं आव्हानित करता येत नाही. न्यायमूर्ती हिदायतुल्ला एकटे विरोधात होते. चालू दाव्यातला एक मधला आदेश, आणि त्यावर नऊ न्यायमूर्ती बसले!

आपल्याकडं रिटाच्या शीर्षकात सवयीनं 'अनुच्छेद २२६ व २२७' असं जोडून लिहितात. २०१० मध्ये शालिनी शेट्टी विरुद्ध राजेंद्र पाटील या मुंबई हायकोर्टातूनच गेलेल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं या सवयीवर कडक बोट ठेवलं. ती अजून गेलेली नाही.

आता स्टेबद्दल, म्हणजे स्थगितीबद्दल. रिट दाखल केलं म्हणजे खालचा दावा थांबला असं नाही. वरच्या कोर्टानं तसा आदेश द्यावा लागतो. तरी 'वर रिट पेंडिंग आहे' एवढ्यावर रोजनाम्यात तारखांवर तारखा पडलेल्या मी पाहिल्या आहेत. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या एशियन रिसरफेसिंगच्या निकालानं स्टे सहा महिन्यांत आपोआप उठेल असं ठरवलं, तेव्हा आम्ही सगळे खूश झालो. सहा महिने भरले की पुरशीस द्यायची, म्हणजे कोर्टाला तसं लेखी कळवायचं, आणि दावा पुढं चालवायचा. पण त्यात हकनाक भरडला जायचा तो ज्याचा स्टे योग्य होता आणि ज्याचं मॅटर हायकोर्टात बोर्डावर पोचतच नव्हतं असा माणूस. २९ फेब्रुवारी २०२४ ला पाच न्यायमूर्तींनी तो नियम रद्द केला. मुख्य निकाल न्यायमूर्ती अभय ओक यांचा; त्यांची वकिली ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात सुरू झालेली. खालच्या कोर्टाची नाडी माहीत असलेल्या माणसाचा तो निकाल आहे असं वाचताना जाणवतं.

त्याच निकालात आणखी एक गोष्ट आहे जी मला जास्त मोलाची वाटते: दुसऱ्या कोर्टातले दावे ठरावीक मुदतीत संपवा असे आदेश वरच्या न्यायालयांनी एरवी देऊ नयेत, अपवादात्मक परिस्थितीतच द्यावेत. निशाणी पाचवरचं रिट निकाली काढताना 'दावा सहा महिन्यांत संपवा' असं जोडून देण्याची पद्धत होती. ज्याच्याकडं हायकोर्टात जायचे पैसे होते त्याचा दावा पुढं, आणि त्याच कोर्टात कितीतरी आधीपासून तारखा घेणारी म्हातारी मागं. हे मला कधीच पटलं नाही.

माझी काळजी आता वेगळी आहे. पूर्वी पावणेचारशे किलोमीटरच्या अंतरामुळं कितीतरी कच्ची रिटं लिहिलीच जात नसत. ती गाळणी वाईट होती, कारण तिच्यात काकूंसारख्यांची खरी प्रकरणंही अडकायची. ती गेली, आता गाळायचं काम आम्हा वकिलांचं. आपला पक्षकार हरला एवढं कारण २२७ ला पुरत नाही हे त्याच्या तोंडावर सांगायला हवं. अपिलाचा मार्ग उघडा असताना थेट रिट करणं तर सोडूनच द्यावं. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१९ च्या विरुधुनगरच्या निकालानं त्याला जवळपास मनाईच केली आहे.

एकतर्फी मनाईच्या बाबतीतही संहितेतच उपाय आहे. नोटीस न देता मनाई दिली तर आदेश ३९ च्या नियम ३ प्रमाणं कारण लिहायला हवं आणि नियम ३-अ प्रमाणं तीस दिवसांत अर्ज निकाली काढायचा प्रयत्न व्हायला हवा. तसं झालं नाही तर अपील करता येतं, हे सर्वोच्च न्यायालयानं २००० मध्येच सांगितलंय. अनेक वकीलसुद्धा हे विसरून रिटाकडं धावतात. आणि समोरचा आधी कोर्टात जाईल असा वास आला तर कलम १४८-अ खाली कॅव्हेट, म्हणजे आपल्याला ऐकल्याशिवाय आदेश करू नये असा अर्ज, लावून ठेवावी. ती नव्वद दिवस चालते.

खालच्या न्यायाधीशांवर कामाचा बोजा किती असतो ते मी रोज बघते. तरीही माझी विनंती आहे की निशाणी पाचच्या आदेशात प्रत्येक महत्त्वाच्या कागदावर निदान दोन ओळी याव्यात. विरोधात जाऊ द्यात, पण याव्यात. हरलेल्या माणसालाही आपलं ऐकलं गेलं हे कळलं पाहिजे.

या आठवड्यात एक शेतकरी आला. वहिवाटीच्या रस्त्याचा दावा. निशाणी पाच नामंजूर, अपीलही फेटाळलं. मी दोन्ही आदेश वाचले. मूळ आदेश लांबलचक आहे आणि गावनकाशापासून तलाठ्याच्या पंचनाम्यापर्यंत सगळ्याचा विचार त्यात केलाय. न्यायाधीशांचा निष्कर्ष मला पटत नाही. माझ्या मते त्यांनी जुन्या गाडीवाटेच्या नोंदीला कमी वजन दिलं. पण त्यांनी ती वाचली आणि कमी वजन का दिलं ते लिहिलं. मी त्याला सांगितलं, यावर रिट करू नका, मी करणार नाही. तो नाराज झाला, "दुसरे वकील करतो म्हणतात" असंही म्हणाला. मग आम्ही तासभर बसलो. वादमुद्दे निघालेले आहेत, म्हणजे साक्षीला अडचण नाही. भूमी अभिलेखकडं मोजणीच्या नकाशाची प्रमाणित नक्कल मागायची, गाडीवाट वापरलेल्या दोन वयस्कर शेजाऱ्यांना साक्षीला तयार करायचं, आणि येत्या तारखेला त्याचं सरतपासाचं, म्हणजे त्याच्या स्वतःच्या साक्षीचं, प्रतिज्ञापत्र द्यायचं, असं ठरलंय.